पावसात वाजणारं घर: इमारत आणि संगीत एकत्र आणणारा माणूस खरंच कुणी होऊन गेलाय का?

टी-स्क्वेअर (सांगली)

नमस्कार. दिवाळी अंकासाठी कथा लिहायला घेतली आहे. वय ६१ आणि कथा पहिलीच, तेव्हा सांभाळून घ्या.

आधी माझ्याबद्दल थोडं, म्हणजे प्रश्न कुठून आला ते कळेल. ३४ वर्षं एका आर्किटेक्टच्या ऑफिसात ड्राफ्टिंग केलं. सुरुवातीला ट्रेसिंगवर शाईच्या पेनने रेघा मारायच्या, चुकलं की ब्लेडने खरवडायचं आणि अमोनिया प्रिंट निघत असताना खिडकीतून तोंड बाहेर काढून उभं राहायचं. शेवटची १२ वर्षं कॉम्प्युटरवर. लग्नाआधी गाण्याच्या मध्यमापर्यंतच्या परीक्षा दिल्या होत्या. तंबोरा अजून आहे, माळ्यावर, चादरीत गुंडाळलेला. रेघा आणि सूर माझ्या हातून कधी एका टेबलावर आले नाहीत, म्हणूनच बहुतेक कथेत आणतेय.

कथेतला माणूस वास्तुविशारद आहे. नाव अजून सुचलेलं नाही. इमारत आणि गाणं ही एकच गोष्ट आहे असं तो मानतो. १९६०च्या आसपास तो कृष्णाकाठी एक घर बांधतो. पाऊस लागला की पन्हाळीचं पाणी ओळीने मांडलेल्या तांब्याच्या घागरींवर पडतं आणि घर मल्हार गातं. शेवटी पुरात घर जातं, पण गावाला पाण्याखालून सूर ऐकू येत राहतात.

मैत्रिणीला वाचून दाखवली. तिने शेवटपर्यंत ऐकलं, उठून चहा टाकला आणि आतूनच म्हणाली, "छान आहे गं, पण हा दिवसभर करतो काय? सारखा क्षितिजाकडे बघतोय. तू ३४ वर्षं आर्किटेक्टांच्या शेजारी बसलीस, एकाला तरी क्षितिजाकडे बघताना पाहिलंस का?"

नाही पाहिलं. ठेकेदाराच्या बिलाकडे बघताना पाहिलंय.

तर विचारायचं असं, की दोन्ही कामं स्वतःच्या हाताने केलेला असा कुणी खरा माणूस आहे का? आणि माझं घागरींचं घर निदान वाचणाऱ्याला पटेल का? नादब्रह्मावर कृपया काही सांगू नका, ती चार पानं मी आधीच लिहून बसलेय.

तुंगभद्रा

ताई, हंपी! विठ्ठल मंदिराचा महामंडप बघितलाय का? ५६ सूरस्तंभ. एकाच दगडातून मधला जाड खांब आणि त्याभोवती बारीक खांबांचा जुडगा कोरलेला. बोटाने टिचकी मारली की वेगवेगळे स्वर. आता हात लावू देत नाहीत, पण आम्ही शाळेच्या सहलीला गेलो तेव्हा गाइडने वाजवून दाखवले होते. मदुराईला, शुचींद्रमला, तिरुनेलवेलीलाही असे खांब आहेत. शिवाय आपल्या पंढरीचा विठोबा हंपीला नेला होता आणि संत भानुदासांनी तो परत आणला, ही कथा आहेच. तुमचा नायक भानुदासांच्या वाटेने हंपीला गेला, एवढं टाकलंत तरी काम झालं!

तिसरी घंटा (कोल्हापूर)

हंपी झकासच, पण तिथे माणूस सापडत नाही. खांब कोरणाऱ्याचं नाव कुणाला माहीत नाही, त्याचा दिवस कसा जायचा हेही नाही. ताईंना दिवस हवाय.

ताई, तुमचा माणूस होऊन गेलाय. यानिस झेनाकिस. मी शिकलेला नव्हे. नाटक कंपन्यांबरोबर ध्वनीचं सामान घेऊन ३० वर्षं टेंपोतून फिरलो. पोरगं आर्किटेक्चरला होतं, त्याच्या सबमिशनची पानं रात्री जागून टाइप करून दिली, त्यात हा बाबा भेटला. पोरगं पास होऊन सुटलं, मी अडकलो ते अडकलोच.

जन्म १९२२, रुमानियातल्या ब्राइला गावचा, आईवडील ग्रीक. अथेन्सच्या पॉलिटेक्निकात सिव्हिल इंजिनियरिंगला गेला आणि महायुद्ध आलं. जर्मनांविरुद्धच्या लढ्यात उतरला. जर्मन गेले, तर डिसेंबर १९४४ मध्ये इंग्रज सैन्य आणि ग्रीक डावे यांच्यातच अथेन्सच्या रस्त्यांवर जुंपली. त्या लढाईत रणगाड्याच्या गोळ्याने तोंड फुटलं, डावा डोळा गेला. तशात डिग्री घेतली. १९४७ मध्ये लपूनछपून पॅरिस गाठलं. मागे मायदेशात त्याच्या गैरहजेरीत मृत्युदंड सुनावला.

पॅरिसात नोकरी कुठे, तर ल कॉर्बुझिए या जगप्रसिद्ध आर्किटेक्टच्या ऑफिसात. काम कसलं, तर स्लॅबचे हिशेब! क्षितिज वगैरे काही नाही. लोखंड किती, काँक्रीट किती. आणि संध्याकाळी गाण्याचा मास्तर शोधत हिंडायचं. एकेक मास्तर त्याला पुन्हा बाराखडीपासून बसवू बघत होता. शेवटी मेसियाँ नावाचे मोठे संगीतकार भेटले. त्यांनी काय सांगावं? तू तिशीला आलास, आता हार्मनी आणि काउंटरपॉइंट शिकत बसू नकोस. तू ग्रीक आहेस, आर्किटेक्ट आहेस, गणित येतंय, तेच संगीतात घाल. असा मास्तर मिळायला नशीब लागतं. आमच्याकडे असता तर आधी तीन वर्षं अलंकार घोटून घेतले असते.

आता खरी गंमत ऐका. १९५३-५४ मध्ये त्याने 'मेटास्टेसिस' नावाची रचना केली. ऑर्केस्ट्रात ६१ माणसं, त्यातली ४६ तारवाद्यांवर, आणि ४६ जणांना ४६ वेगळे भाग. एरवी दहाबारा व्हायोलिनं मिळून एकच ओळ वाजवतात. इथे सगळे एका स्वरावर सुरुवात करतात आणि मग प्रत्येक जण आपापल्या उताराने घसरत निघतो. त्याला ते ग्लिसांडो म्हणतात. आपल्याला मींड म्हटलं की कळतं. आपल्या मिंडेत वळण असतं, जीव असतो. याची मींड फूटपट्टीने मारलेली, सरळसोट.

आणि ती फूटपट्टीनेच मारलेली होती! ग्राफपेपरवर आडवा काळ, उभा स्वर. प्रत्येक वादकाची मींड म्हणजे एक तिरकी सरळ रेघ. कुणाची चढ जास्त, कुणाची कमी. सगळ्या रेघा एकत्र बघितल्या की त्यांच्या कडेने गोलाई दिसते, पण गोल रेघ कुणीच मारलेली नसते.

हे समजायला मला आमच्या आजोळची बाज आठवली. बाजेची चौकट पिळली गेली, एक कोपरा वर आणि शेजारचा खाली झाला, तर सुतळ्या सरळच राहतात पण बसायची जागा खोगिरासारखी वाकते. त्या खोगिराला हायपरबोलिक पॅराबोलॉइड म्हणतात. नाव ऐकून घाबरू नका, बाजच ती.

१९५८ मध्ये ब्रसेल्सला जागतिक प्रदर्शन भरलं. फिलिप्स कंपनीने कॉर्बुझिएला मंडप सांगितला. साहेब चंडीगडच्या कामात. त्यांनी एकंदर कल्पना दिली आणि मंडप झेनाकिसवर सोपवला. झेनाकिसने काय केलं, तर मिंडेच्या रेघा कागदावरून उचलून काँक्रीटमध्ये उभ्या केल्या. आकार तंबूसारखा, तीन शेंडे आभाळात, भिंत कुठली आणि छप्पर कुठलं सांगता येत नाही. नुसती ५ सेंटिमीटर जाडीची काँक्रीटची फरशी, तारांच्या जाळ्यावर धरलेली. आत शेकडो स्पीकर. एडगार व्हारेझ या संगीतकाराची ८ मिनिटांची ध्वनिरचना त्यातून फिरायची. फिरायची म्हणजे खरोखर फिरायची, आवाज डोक्यावरून पलीकडच्या भिंतीत जायचा. स्पीकर बदलायला टेलिफोन एक्स्चेंजमधल्या रिले वापरल्या होत्या. ऑटोमॅटिक! मी १९८८ मध्ये दोन स्पीकरांमध्ये घोड्याच्या टापा फिरवायला दोन हातांनी दोन बटणं पिरगाळत होतो आणि घोडा मध्येच अडखळायचा.

एक खेळ सुटून दुसरा भरेपर्यंत वाजवायला झेनाकिसने स्वतःची अडीच मिनिटांची रचना दिली होती. जळत्या कोळशाचा आवाज. शेगडी पेटताना लोणारी कोळसा तडतडतो ना, तो रेकॉर्ड करून, तुकडे करून, एकावर एक चढवलेला. नाव 'काँक्रे पीएच'. पी आणि एच म्हणजे तीच आपली पिळलेली बाज.

तर ताई, तुमचा माणूस दिवसभर हेच करतो. ग्राफपेपर, फूटपट्टी, खोडरबर. आणखी एक, कथेत भांडण घाला. मंडपाचं नाव साहेबांच्या खात्यात जाणार होतं. झेनाकिसने आपलं नाव लावून घेण्यासाठी भांडण काढलं, नाव लागलं आणि १९५९ मध्ये ऑफिसची नोकरी गेली. त्याच वर्षी जानेवारीत मंडपही पाडला. प्रदर्शन संपलं, बांधकाम उतरवलं. तुमच्या पुरापेक्षा मला हे जास्त लागतं. पूर तरी मोठा असतो हो.

टी-स्क्वेअर (सांगली)

तिसरी घंटा, तुमचा प्रतिसाद काल रात्री तीनदा वाचला. आणि पिळलेल्या बाजेपाशी येऊन हसले, कारण मी ती काढलेली आहे!

१९८९ असेल. एका पेट्रोल पंपाचं छप्पर. साहेबांनी चार कोपऱ्यांच्या उंच्या दिल्या, दोन वर, दोन खाली, आणि म्हणाले सेंटरिंगवाल्याला समजेल असं काढ. मी समोरासमोरच्या दोन कडांचे १६-१६ भाग पाडले आणि जोडत गेले. सरळ रेघा. नवव्या-दहाव्या रेघेला कागद वाकल्यासारखा दिसायला लागला. मी खरंच हात फिरवून बघितला. सेंटरिंगवाल्या मिस्त्रीला मात्र काही विशेष वाटलं नाही. तो म्हणाला, "बाई, सरळ फळ्याच लागणार ना? मग झालं." तेव्हा त्या रेघांना सूर असू शकतो असं मनातसुद्धा आलं नव्हतं.

आज सकाळी नातवाच्या वहीतला ग्राफपेपर घेऊन मिया मल्हारातली गंधाराची जागा काढून बघितली. उभा स्वर, आडवा काळ. ती काही सरळ येत नाही. कोमल गंधार झुलतो, आणि झुलताना मध्यमाच्या बाजूला अंमळ जास्त वेळ राहतो. पेन्सिल तिथे चारदा मोडली. (एचबी होती. आमच्या काळची फोर-एच असती तर कागद फाटला असता.)

पण एक खटकतं. कागदावर रेघ सारखी दिसली म्हणून कानाला आणि डोळ्याला एकच गोष्ट कळली, असं म्हणता येईल का?

गवंड्याची लेक (पुणे)

नेमकं तेच लिहायला आले होते. आर्किटेक्ट आहे, ११ वर्षं काम करतेय. झेनाकिस माझाही आवडता, तरी त्याच्याबद्दल भारावून बोलणारे लोक एक गोष्ट गाळतात. मंडपात उभं राहिलेल्या माणसाला खोगिराचा आकार ऐकू येत नव्हता. त्याला स्पीकर ऐकू येत होते. आकाराचा फायदा एवढाच की समोरासमोर समांतर भिंती नव्हत्या, त्यामुळे टाळी वाजवली तर टरटर करत परत येणारा प्रतिध्वनी टळतो. बाकी साम्य ड्रॉइंग बोर्डावरचं. चांगलं आहे, पण बोर्डावरचं.

इमारतीत संगीत आणलेलं त्याचं मला जास्त पटणारं काम वेगळंच आहे. फ्रान्समध्ये लियाँजवळ ला तुरेत नावाचा मठ आहे, कॉर्बुझिएचाच. तिथल्या काचभिंतींची मांडणी झेनाकिसची. काँक्रीटच्या उभ्या पातळ पट्ट्या आणि मध्ये काच. दोन पट्ट्यांमधलं अंतर सारखं नाही. कुठे दाट होत जातं, कुठे विरळ. मापं मॉड्युलर नावाच्या कॉर्बुझिएच्या मापपद्धतीतली, २७, ४३, ७०, ११३, १८३ अशी, पुढचा आकडा म्हणजे मागच्या दोघांची बेरीज. तुम्ही ओवरीतून चालत जाता आणि बाहेरचा उजेड पट्ट्यांनी कापला जातो. चालण्याचा वेग एकच, पण उजेडाची लय दुगुन (दुप्पट), चौगुन (चौपट), पुन्हा ठाय (संथ). तुम्ही गाणं शिकलात, तुम्हाला सांगायला नको. चंडीगडच्या सरकारी संकुलातही अशा काचभिंती आहेत, तेवढ्यासाठी फ्रान्सला जायला नको. मी कॉलेजच्या दौऱ्यात पाहिल्या, आणि गाइड भलतंच काही सांगत असताना मी मागे राहून पावलं मोजत होते. सुरक्षारक्षकाने हटकलं.

म्हणून सुचवते, तुमच्या माणसाला सूर देऊ नका, लय द्या. खिडकीच्या गजांतून येईल.

तिसरी घंटा (कोल्हापूर)

गवंड्याच्या लेकी, बरोबर पकडलंस. माझंच आंधळं प्रेम. पण बाबालाही ते कळलं असणार, कारण पुढे तो आकार सोडून जागेच्या मागे लागला. १९६६च्या एका रचनेत त्याने वादकांना स्टेजवरून उठवून प्रेक्षकांत विखरून बसवलं. शेजारच्या खुर्चीवर बासरी, पाठीमागे ढोल. मग पॅरिसात क्लुनीच्या जुन्या रोमन हमामात आवाज आणि लेझरचे खेळ केले, १९७८ मध्ये पाँपिदू केंद्रासमोर स्वतःचा लाल तंबू उभारला. शेवटपर्यंत इमारत आणि आवाज सोडला नाही. २००१ मध्ये गेला.

आता ताईंच्या दुसऱ्या प्रश्नाकडे. इमारत गाते का? ताई, इमारत गात नाही, इमारत ऐकते. आणि बहुतेक इमारती बहिऱ्या नसतात, उलट विसरतच नाहीत, हा त्यांचा रोग.

हे मोजायची रीत एका अमेरिकन माणसाने काढली, वॉलेस सेबाइन. १८९५ मध्ये हार्वर्ड विद्यापीठाने त्याला सांगितलं की आमच्या नव्या व्याख्यानगृहात बोललेलं कळत नाही, बघ काहीतरी. हा भौतिकशास्त्राचा तरुण मास्तर. त्याने शेजारच्या थिएटरातल्या खुर्च्यांच्या गाद्या रात्री उचलून आणायच्या, हॉलमध्ये पसरायच्या, ऑर्गनची नळी वाजवून बंद करायची आणि आवाज विरेपर्यंत किती सेकंद लागतात ते घड्याळावर बघायचं. पहाटे गाद्या परत नेऊन ठेवायच्या, कारण सकाळी तिकडे लोक बसणार. रोजची हमाली! रिकाम्या हॉलमध्ये आवाज साडेपाच सेकंद राहत होता. म्हणजे मास्तरचा पाचवा शब्द पहिल्या शब्दाच्या अंगावर. त्या गाद्यांतून सूत्र निघालं आणि त्यावर १९०० मध्ये बोस्टनचं सिंफनी हॉल बांधलं, ते आजही नावाजलेलं आहे.

सूत्र अगदी सोपं. हॉलचं घनफळ घनमीटरात, गुणिले ०.१६१, भागिले हॉलमधल्या सगळ्या वस्तू मिळून किती आवाज पितात तो आकडा. एक मंगल कार्यालय घेऊ. २० मीटर लांब, १५ रुंद, ८ उंच. घनफळ २४००. जमीन, छत, भिंती मिळून ११६० चौरस मीटर. गिलावा आणि फरशी आवाज पितात जेमतेम शेकडा तीन, म्हणजे ३५. सूत्रात घाला: ११ सेकंद! रिकाम्या कार्यालयात कुणी खुर्ची ओढली की ती गावभर ओढल्यासारखी वाटते ती यामुळे. आता ३०० माणसं आत घ्या. एक माणूस कपड्यांसकट साधारण ०.४५ पितो. ते झाले १३५. मिळून १७०. आता सव्वादोन सेकंद. सनई चालेल, भटजींचा शब्द नाही कळणार. बोलणं नीट कळायला सेकंद-सव्वा सेकंदापर्यंत आणावं लागतं, त्यासाठी आणखी दीडशे प्यायला हवं, म्हणजे निम्मा आवाज पिणारा जाड पडदा ३०० चौरस मीटर. हे सांगितलं की कार्यालयाचा मालक म्हणतो, त्यापेक्षा दोन कर्णे वाढवा. मी पैसे घेऊन वाढवलेत, पाप माझंही.

दुसऱ्या टोकाला गोलघुमट. १६५६ मधला, घुमटाचा बाहेरचा व्यास ४४ मीटर. आम्ही चौथीत विजापूरला गेलो होतो. वरच्या सज्जात गाइडने पलीकडे उभं राहून कागद फाडला तो आमच्या कानाशी फाटला. मग ४० पोरं एकदम ओरडली आणि पुढचं काही आठवत नाही. तिथे ऐकू सगळं येतं, समजत काही नाही.

आणि या दोन टोकांच्या मधलं, आमचं केशवराव भोसले नाट्यगृह. १९१५चं, शाहू महाराजांनी बांधलेलं, संगीत नाटकाच्या आणि बिनमाईकच्या काळातलं. रिकामं असताना स्टेजवर उभं राहून मी हळू आवाजात 'चहा सांगा रे' म्हटलं की शेवटच्या रांगेतून पोरगं विचारायचं, किती? ऑगस्ट २०२४ मध्ये आग लागली त्या रात्री रस्त्यावर उभा होतो. लाकूड जळताना तडतडत होतं. मला झेनाकिसची ती कोळशाची रचना आठवली आणि मग कित्येक दिवस ती लावली नाही.

ताई, तुमचा माणूस घर बांधायच्या आधी रिकाम्या खोलीत टाळी वाजवतो, एवढं करा. बाकी आपोआप येईल.

भोपळा (मिरज)

उशिरा बघितलं. आमच्या घरात चार पिढ्या तंबोरे होतात. मिरजेत हे काम शिकलगारांनी सुरू केलं, म्हणजे मुळात हत्यारांना धार लावणारी माणसं. २०२४ मध्ये मिरजेच्या सतार-तंबोऱ्याला भौगोलिक मानांकन मिळालं, तेव्हा सगळे फोटो काढायला आले होते. आता पुन्हा शांत आहे.

मॅडम, घागरींबद्दल बोलतो. पाऊस घागरीवर पडतो तोवर ठीक. घागरीत पडला तर? जलतरंग बघितला असेल. वाटीत पाणी वाढलं की स्वर उतरतो. तुमच्या घागरी भरत जाणार, म्हणजे मल्हार पहिल्या पाच मिनिटांत उतरायला लागणार, आणि सगळ्या घागरी सारख्या वेगाने भरणार नाहीत. जिच्यावर पन्हळ मोठी ती आधी बेसूर. तासाभरात सगळ्या काठोकाठ, मग नुसतं पचपच. उपाय आहे. प्रत्येक घागरीला तिच्या स्वराच्या उंचीवर भोक पाडायचं, जास्तीचं पाणी तिथून जाईल. पण भोक पाडलं की तांब्याचा नाद बदलतो, पुन्हा लावणी करायला लागते. तुमच्या माणसाला पावसाळाभर काम पुरेल.

दुसरं. तंबोऱ्याचा भोपळा वाजत नाही. तार वाजते, घोडीवरून भोपळ्याला सांगते, भोपळा हवेला सांगतो. भोपळा आम्ही पंढरपूरकडचा आणतो, सुकवून, कापून, तबकडी बसवून. आकाराला सगळे भोपळे वेगळे, सूत्र चालत नाही. हातात धरून टिचकी मारायची आणि ठरवायचं. त्यापुढे सगळा खेळ जवारीचा. घोडीचा माथा इतका थोडा उतरता घासायचा की तार त्याला चाटून जाईल. मग तारेखाली सुताचा दोरा सरकवायचा. केसभर इकडे आवाज बंद, केसभर तिकडे तार चरचरते. मध्ये एक जागा आहे तिथे तो उघडतो. माझ्या वडलांना ती जागा दिसत नव्हती, शेवटी मोतीबिंदू होता, पण सापडायची.

तुमचा तंबोरा माळ्यावर किती वर्षं आहे? चादरीत गुंडाळून ठेवला असेल तर उंदरांचं बघा. भोपळा कुरतडतात.

टी-स्क्वेअर (सांगली)

काल मुलाला माळ्यावर चढवलं. उंदीर नाही लागले, पण भोपळ्याला मागच्या बाजूने वीतभर तडा गेलाय. ३८ वर्षं झाली. दोन तारा गंजून तुटल्यात, घोडीवर दोऱ्याचा एक तुकडा अजून चिकटलेला आहे. माझ्याच हातचा असणार.

कथा पुन्हा लिहायला बसले. नादब्रह्माची चार पानं काढली. पूरही काढला. आता माणूस भर पावसात अंगणात बसून सहाव्या घागरीला पाडलेलं भोक लाखेने बुजवतोय, कारण ते बोटभर खाली पाडलं गेलंय, आणि बायको आतून विचारतेय की पाणी भरायला एक तरी घागर घरात ठेवणार आहात का. खिडकीचे गज मी सारख्या अंतरावर ठेवले नाहीत, गवंड्याची लेक. कुणाच्या लक्षात नाही आलं तरी चालेल. मैत्रिणीला पहिली दोन पानं वाचून दाखवली. "आता जेवतोय," म्हणाली.

भोपळा, तडा गेलेला भोपळा सांधता येतो का? येत्या गुरुवारी मिरजेला यायचा विचार आहे.

भोपळा (मिरज)

तडा सरळ असेल तर सांधता येतो. आतून पट्टी द्यायची. वेडावाकडा गेला असेल तर बघून सांगतो. बसने आणू नका, गाडी करा, आणि पुढच्या सीटवर तुम्ही बसू नका, त्याला बसवा.

गुरुवारी आमच्या भागात लाईट नसते. शुक्रवारी अकरानंतर या. तो गंधाराचा ग्राफपेपर पण आणा.